मीठवालीचा दुसरा शेवट

सुरेखा वाटव्यांचा पाय त्या आठवड्यात घरात ठरत नव्हता. सकाळपासून तिसऱ्यांदा त्या बेसमेंटमध्ये उतरल्या, काहीही न घेता वर आल्या, फ्रिज उघडला, बंद केला आणि आधीच लख्ख असलेला ओटा पुन्हा पुसायला लागल्या. बाहेर चिनूक सुटला होता. कॅल्गरीत ऐन फेब्रुवारीत हा गरम वारा सुटला की दिवसभरात बर्फाचं पाणी होतं आणि अर्ध्या गावाचं डोकं धरतं. त्यामुळे त्यांच्या नवऱ्याने, प्रतापरावांनी, सगळा दोष वाऱ्यावर टाकून दिला होता.

"एक गोळी घे आणि पड जरा," पेपरातून मान वर न काढता ते म्हणाले.

"डोकं नाही दुखत माझं."

"मग काय दुखतंय?"

सुरेखाबाईंनी फडकं सिंकमध्ये आपटलं. काय दुखतंय ते सांगायचं तर अडतीस वर्षं मागे जायला हवं होतं, आणि जायची त्यांना धास्ती वाटत होती. रविवारी दुपारी दोनला कार्यक्रम. आज बुधवार.

बाई तशा साध्या. मिरजेच्या कॉलेजातून केमिस्ट्रीची बी. एस्सी. झालेल्या. पंचाहत्तर साली प्रतापरावांना इथल्या तेल कंपनीत नोकरी लागली, तेव्हा नऊवारी सासूच्या धाकातून सुटून थेट उणे तीसच्या थंडीत येऊन पडलेल्या. इकडे जिथे जावं तिथे ‘कॅनेडियन एक्स्पीरियन्स आहे का’ हाच प्रश्न. अहो, कुणी पहिली नोकरी दिल्याशिवाय तो एक्स्पीरियन्स काय झाडाला लागणार आहे? सहा वर्षं घरी बसल्यावर एका छोट्या फिल्म-भांडाराला जुन्या रिळांची तपासणी करायला माणूस हवा होता. जुनी फिल्म म्हणजे एक प्रकारची बंदुकीची दारूच. ठिणगी पडली की पेटते, आणि नाही पेटली तर डब्यात बसल्या बसल्या सडते. म्हणून केमिस्ट्रीवाली हवी. सुरेखाबाई लागल्या आणि एकोणतीस वर्षं तिथेच राहिल्या.

काम काय? हातमोजे घालून टेबलाशी बसायचं, रीळ हळूहळू फिरवायचं, फिल्मची कड दोन बोटांत धरून फाटलंय कुठे ते चाचपायचं, तुटलेलं जोडायचं. ना कुणाशी बोलणं, ना चालणं. मैत्रिणी विचारायच्या, अगं कंटाळा कसा येत नाही तुला? सुरेखाबाईंना कंटाळा यायचा तो बाहेर, माणसांत. टेबलाशी बसल्या की त्या खुशीत असायच्या.

पण कॅल्गरीच्या मराठी मंडळात त्यांची ओळख या कामामुळे नव्हती. ती होती ‘सुरेखाताईंची डॅनिश म्हातारी’ या गोष्टीमुळे. पुण्याहून नवीन आलेल्या प्रत्येक सॉफ्टवेअरवाल्या जोडप्याला गणपतीच्या पॉटलकमध्ये पहिल्या ताटाबरोबर ही गोष्ट वाढली जायची. सुरेखाबाई एरवी चार वाक्यं सलग बोलायच्या नाहीत, पण ही गोष्ट सांगताना त्यांचा चेहरा असा काही खुलायचा की लोक मुद्दाम पुन्हा सांगायला लावायचे.

गोष्ट अशी. सत्याऐंशी साली शहरापासून सव्वा तासावरच्या एका डॅनिश शेतकऱ्यांच्या गावातून फोन आला. कॅरन नावाच्या तिशीतल्या एका बाईला गव्हाचं जुनं कोठार रिकामं करताना फिल्मचे सहा डबे सापडले होते. डबे तिच्या आजीचे. आजी, थोरा लिंडहोल्म, तेव्हा सत्त्याण्णव वर्षांची, गावातल्याच नर्सिंग होममध्ये. घरात सगळ्यांना एवढंच माहीत की आजी लग्नाआधी ‘कसल्याशा नाटकात’ होती. सुरेखाबाईंनी डबे उघडले आणि थक्क झाल्या. १९१३ सालचा मूकपट, कोपनहेगनला केलेला, आणि त्याची नायिका म्हणजे ती गव्हाच्या शेतावरची म्हातारी! नाव ‘मीठवाली’. सुरेखाबाईंनी चार महिने खपून तो जोडला, नवी प्रत करवून घेतली, प्रोजेक्टर गाडीत घालून त्या गावी गेल्या, नर्सिंग होमच्या भिंतीला चादर लावली आणि थोराला तिचाच सिनेमा चौऱ्याहत्तर वर्षांनी दाखवला. शेवट आला तशी म्हातारीने चाकाची खुर्ची चादरीकडे पाठ करून फिरवली आणि डोळ्यांना पदर... म्हणजे रुमाल लावला. अकराव्या दिवशी ती गेली.

"आनंदाने रडली हो ती," सुरेखाबाई सांगायच्या. "आयुष्यात एवढं एक पुण्य केलंय मी."

ऐकणाऱ्या बायका डोळे पुसायच्या. असं अडतीस वर्षं चाललं होतं.

आता कॅरन अडुसष्टची झाली. गावाच्या हॉलची शंभरी, त्यानिमित्त ‘मीठवाली’ दाखवायचं तिने ठरवलं. डेन्मार्कहून कुणा नातेवाइकाने थोराने बहिणीला लिहिलेल्या एकेचाळीस पत्रांचे फोटोही तिला पाठवले होते. कॅरनला डॅनिश येतं ते जेवणाआधीच्या प्रार्थनेपुरतं. ती सुरेखाबाईंना म्हणाली, आजीच्या कारकिर्दीवर दोन पानं तुम्हीच लिहा, तुमच्याइतकं तिला कोण ओळखतं? झालं, बाईंना हेच हवं होतं. नोव्हेंबरपासून त्या पत्रांना चिकटल्या. अक्षर तिरकं, शाई उडालेली. एकेक अक्षर लावून कागदावर उतरवायचं, मग फोनमध्ये टाईप करायचं, मग फोन जे इंग्रजी दाखवेल त्यातून अर्थ काढायचा. दिवसाला अर्धं पान उलगडलं तरी खूप.

पण काय पत्रं होती! थोरा एकोणीस वर्षांची असताना नाटकात घोळक्यातली एक म्हणून उभी राहायची. सिनेमावाल्यांनी तिला उंचीमुळे उचलली. काचेच्या छपराचा स्टुडिओ, ऊन असेल तेवढंच काम, ढग आले की सगळी मंडळी कोट घालून कॉफी पीत बसायची. पुढे दिवे आले तर त्या प्रखर दिव्यांनी डोळे सुजायचे, रात्रभर कच्च्या बटाट्याच्या चकत्या डोळ्यांवर ठेवून पडायचं आणि सकाळी पुन्हा उभं राहायचं. चार वर्षांत चौतीस सिनेमे केले पोरीने. घोड्यावरून पडली, एकदा खरोखरच बुडता बुडता वाचली. ‘किर्स्टन, मला आता कळलंय,’ एका पत्रात तिने लिहिलं होतं, ‘हात हलवायचे नाहीत. सगळे हातवारे करतात. मी फक्त थांबते, आणि लोक माझ्याकडे बघत राहतात.’ हे वाचून सुरेखाबाई एकट्याच स्वयंपाकघरात हसल्या होत्या. त्या चौतीसांपैकी आज एकच उरला होता, आणि तो त्यांनी स्वतःच्या हातांनी जोडला होता.

मागच्या शुक्रवारी त्या चाळिसाव्या पत्रापाशी आल्या. तारीख मार्च १९१३.

‘किर्स्टन, मी भांडले. कंपनी हल्ली प्रत्येक सिनेमाचे दोन शेवट काढते, एक सगळीकडे दाखवायला गोड, दुसरा रशियात पाठवायला रडका. तिकडच्या लोकांना म्हणे रडल्याशिवाय चैन पडत नाही. मी म्हटलं, ‘मीठवाली’च्या गोड शेवटाला मी उभी राहणार नाही. ती बाई त्या घरात परत जाणारच नाही, मी ओळखते तिला. मग त्यांनी माझी शाल दुसऱ्या एका मुलीच्या अंगावर टाकली, तिला पाठमोरी दारातून आत घातली आणि मला निरोप दिला. आता कुणी मोठं काम देणार नाही. कॅमेऱ्यावाल्या म्हाताऱ्याने दोन्ही शेवटांसकट एक प्रत माझ्या हातात ठेवली. बाकी सगळं गेलं तरी चालेल. बर्फावरचा शेवट तेवढा मी मरेपर्यंत सोडणार नाही. ते एकच काम मी मनासारखं केलं.’

सुरेखाबाईंनी ते चारदा वाचलं. फोनने चुकीचा अर्थ लावला असेल म्हणून एकेक शब्द सुटा टाकून पाहिला. चूक नव्हती.

सहाव्या डब्यात दोन गुंडाळ्या होत्या. हे कधी कुणाला सांगितलं नव्हतं, कारण सांगण्यासारखं त्यात काही आहे असं त्यांना वाटलंच नव्हतं. एकीत दार उघडतं, शालवाली बाई पाठमोरी आत जाते, दार लागतं. दुसरीत थोरा गोठलेल्या बंदरावर चालत जाते. प्रत एकाच शेवटाची करता येणार होती, तेवढीच सोय होती. कुठला घ्यायचा हे सुरेखाबाईंवर सोडलं होतं, आणि त्यांनी दोन मिनिटंही विचार केला नव्हता. त्यांच्या आईची चातुर्मासात पोथी असायची. मरणाच्या, विघ्नाच्या प्रसंगावर पोथी मिटायची नाही, कितीही उशीर होवो, पुढे काही बरं घडेपर्यंत वाचायचं आणि मगच उठायचं, हा घरातला नियम. सत्त्याण्णव वर्षांच्या बाईला, जिचं आज-उद्या काय ते सांगता येत नाही तिला, मरायला निघालेली बाई दाखवायची? छे! अभद्र! त्यांनी दाराची गुंडाळी जोडली. बर्फाची गुंडाळी एका बाजूने चिकट व्हायला लागली होती. सडकी फिल्म ठेवायची नाही, जाळून टाकायची, असा नियम होता. महिनाभर तरी तिने सहज तग धरला असता. सुरेखाबाईंनी फॉर्मवर सही केली आणि तिसऱ्या दिवशी फायरवाल्यांनी ती मैदानात जाळली.

म्हणजे जो शेवट नको म्हणून त्या पोरीने सगळं सोडलं, तोच त्यांनी तिला मरताना दाखवला होता. आणि जो तिने समुद्र ओलांडून इथवर आणला, चौऱ्याहत्तर वर्षं सांभाळला, तो त्यांनी जाळला होता. वर अडतीस वर्षं त्याचं पुण्य सांगत हिंडल्या होत्या.

बुधवारी संध्याकाळी त्यांनी हे सगळं प्रतापरावांना एकदाचं सांगून टाकलं. त्यांनी पेपर घडी करून बाजूला ठेवला. मग म्हणाले, "हे पत्र दुसऱ्या कुणी वाचलंय?"

"नाही."

"मग झालं तर. कुणाचं अडलंय आता? म्हातारी गेली. लोक एक छान दुपार घालवतील, केक खातील, घरी जातील. तू कशाला उगाच स्वतःच्या तोंडाला काळं फासून घेतेस?"

"अहो, पण त्या दारातून आत जाते ती थोरा नाहीच. तिच्या नातवंडांना आपण भलतीच बाई दाखवतोय."

"पाठमोरीच आहे ना? कोण ओळखणार?"

हे ऐकून सुरेखाबाई अशा भडकल्या की प्रतापरावांनी चष्माच काढून ठेवला. रडू फुटलं ते वेगळंच. मिल्टन गावी राहणाऱ्या लेकीला, सलोनीला, फोन लावला, तर तिचं, "आई, जस्ट ईमेल हर. व्हाय इज धिस सो हार्ड?" हार्ड का आहे ते तिला काय सांगणार? त्यांनी तीन ईमेल लिहिल्या आणि तीनही पुसल्या. गुरुवारी कॅरनने कार्यक्रमाचं पत्रक पाठवलं. सुरेखाबाईंची दोन पानं त्यात होती, चाळिसाव्या पत्राच्या आधी लिहून दिलेली, आणि खाली कॅरनने स्वतः कौतुकाने जोडलं होतं: ‘आजीने हा शेवट पाहिला तेव्हा ती आनंदाने रडली.’ आता छापूनसुद्धा आलं! शुक्रवारी त्यांनी बेसमेंट आवरलं, शनिवारी पुन्हा विस्कटलं.

रविवारी वारा पडला आणि थंडी परतली. रस्त्यावर डांबरात मिसळून न दिसणारा निसरडा काळा बर्फ होता, प्रतापराव विंटर टायर असूनही बैलगाडीसारखी गाडी हाकत होते, आणि सुरेखाबाई शेजारी बसून सीटबेल्टशी चाळा करत होत्या.

हॉल भरला होता, साठ-सत्तर माणसं असतील. पुढच्या रांगेत थोराची नातवंडं, पतवंडं. चर्चमध्ये वाजवणाऱ्या बाई पियानोशी बसल्या होत्या. कॅरनने सुरेखाबाईंना मिठी मारली, खणाची साडी फार छान दिसते म्हणाली आणि सगळ्यांना सांगितलं, माझ्या आजीला ज्यांनी परत आणलं त्या या सुरेखा, आता त्या दोन शब्द बोलतील.

सुरेखाबाई उठल्या. साठ माणसं प्रेमाने त्यांच्याकडे बघत होती, तीच ती आनंदाने रडल्याची गोष्ट ऐकायला. "मी नंतर बोलते," एवढंच कसंबसं म्हणून त्या खाली बसल्या. लोकांना वाटलं बाई भारावल्या. टाळ्यासुद्धा वाजल्या, आणि त्या टाळ्यांनी सुरेखाबाईंच्या जिवाचं पाणी पाणी झालं.

दिवे गेले. कॅरनने लॅपटॉपवर सिनेमा सुरू केला. मीठ विकून पोट भरणारी ती बाई, चोरी करणारा नवरा, त्याचा आळ स्वतःवर घेऊन तिने भोगलेला तुरुंग. थोरा पडद्यावर नुसती उभी राहायची आणि मागच्या रांगेतली पोरंसुद्धा चिडीचूप. तुरुंगातून ती परत येते, खिडकीतून बघते, तर घरात दुसरी बाई तिच्या मुलाला भरवतेय. थोरा खिडकीपासून मागे सरकली, शाल डोक्यावर घेतली. पुढचं चित्र दाराचं.

"कॅरन, स्टॉप इट!" सुरेखाबाई ओरडल्या. "प्लीज. आत्ताच्या आत्ता थांबव."

पियानो थांबला. पडद्यावर बंद दार तसंच राहिलं. अंधारात कुजबुज सुरू झाली, तेवढ्यात हॉलचे दिवे लागले. प्रतापराव भिंतीपाशी बटणांजवळ उभे होते. घरी जे म्हणाले ते म्हणाले, पण दिवे त्यांनीच लावले.

मग सुरेखाबाईंनी सांगितलं. मिरजेच्या इंग्रजीत, अडखळत, पण सगळं. दोन गुंडाळ्या, आईची पोथी, फॉर्मवरची सही, मैदानातली आग. पत्रातल्या ओळी त्यांना पाठ झाल्या होत्या, त्या म्हणून दाखवल्या. "ती आनंदाने नव्हती रडली," त्या म्हणाल्या. "मला तसं वाटायला हवं होतं म्हणून मी तसं सांगत आले. या दारातून जी आत जाते ती तुमची आजी नाही."

कॅरनचा चेहरा पांढराफटक पडला होता. "तुम्ही जाळलंत," ती हळू म्हणाली. "तिने आयुष्यभर जपलेली एकच गोष्ट, आणि ती तुम्ही जाळलीत."

"हो."

"कुणीच पाहिलं नाही ते?"

"मी पाहिलंय. तीनदा, टेबलावर. चाळीस सेकंदांचं होतं."

"मग काय होतं त्यात?"

सुरेखाबाई सांगायला लागल्या, बंदर गोठलेलं आहे, ती चालत जातेय. पण शब्द अपुरे पडायला लागले. शेवटी त्या वैतागून थांबल्या, पदर डोक्यावरून घेतला, लोकांकडे पाठ केली आणि खुर्च्यांच्या मधल्या वाटेने दाराकडे चालू लागल्या. खणाची साडी, खाली बर्फाचे बूट, पंचाहत्तरीचे गुडघे. आठ पावलं गेल्यावर थांबल्या, जशी थोरा थांबली होती, मान आधी आणि खांदे नंतर वळवून मागे पाहिलं. हात हलवले नाहीत. सगळ्यांकडे, म्हणजे त्या घराकडे, नुसतं पाहत राहिल्या. राग नाही, काही मागणं नाही. मग पुढे वळल्या आणि दारापर्यंत गेल्या.

कुणी टाळी वाजवली नाही. सुरेखाबाई दाराला धरून उभ्या राहिल्या, वळायचा धीर होत नव्हता. मागून बुटांचा आवाज आला. कॅरन मधल्या वाटेवर येऊन उभी होती, हातात फोन, आणि नजर अशी की तिथे माफीचं नाव नव्हतं.

"परत करा," ती म्हणाली. "पहिल्यापासून. मी घेते यात."

सुरेखाबाई निमूट मागे आल्या, पुन्हा पदर घेतला, पुन्हा चालल्या, आठव्या पावलाला वळल्या. या वेळी मात्र आवरलं नाही, गालांवरून घळाघळा पाणी वाहायला लागलं.

कॅरनने फोन खाली घेतला. तिचे स्वतःचे डोळे भरले होते, पण आवाज कडकच होता.

"ती रडत होती का?"

"नाही."

"मग परत."

सुरेखाबाईंनी पदराने तोंड पुसलं आणि पहिल्या पावलाच्या जागी जाऊन उभ्या राहिल्या.